डफडं, फिडल आणि ठोसा

पऱ्हाट्यांचा जाळ करून डफडं शेकायचं. कातड्यावर बोटाने टिचकी मारून आवाज चढला का ते ऐकायचं. चढला नसेल तर पुन्हा जाळावर धरायचं. पहिलवान हौद्यात उतरले की कुस्ती सुरू होते असं बाहेरच्यांना वाटतं. आम्हा कामरगावच्या पोरांसाठी ती या जाळापासूनच सुरू व्हायची. पोळ्याचा दुसरा दिवस, पायाखाली चिखल, वर जराशी उघडीप, आणि धुरातून येणारी ती पहिली कोरडी थाप. थाप कानावर आली की ताटावरून उठून आम्ही पळायचो. आई मागून काय ओरडायची ते आजतागायत मला माहीत नाही.

त्या दंगलीत डफडं वाजवणाऱ्या एका म्हाताऱ्या बुवांना मी एकदा विचारलं होतं, कुस्ती चालू असताना तुम्ही कोणाकडे बघता? दोघांच्या पायांकडे, ते म्हणाले. मग जरा थांबून, "अन् एक ध्यानात ठेव. डफडं बंद झालं का पह्यलवानाचे हात बी बंद होतेत." मला ती बढाई वाटली. पुढे चाळीसेक वर्षांनी एका जुन्या अमेरिकन विनोदी चित्रपटात बुवांचं हे वाक्य जसंच्या तसं घडताना पाहिलं आणि खुर्चीत ताठ झालो. या पुस्तकाची सुरुवात तिथे आहे.

विषय तसा चिमुकला. चित्रपटाला नुकता कंठ फुटला होता त्या काळातले, म्हणजे साधारण १९२३ ते १९३५ या बारा-तेरा वर्षांतले, दहा ते वीस मिनिटांचे छोटे बोलपट. आणि त्यांतही ज्यांत मुष्टियुद्ध आणि गाणं-बजावणं एकत्र आलंय असे. मुख्य चित्रपटाच्या आधी पोटभरीला लावायचा हा माल. त्यावर मराठीत पुस्तक कशाला, असं माझ्या एका मित्राने विचारलं. त्याला मी म्हटलं, अरे, कुस्तीच्या फडात हलगी कशाला असते, हे ज्यांना सांगावं लागत नाही त्यांनी हे चित्रपट पाहिले तर त्यांना काही वेगळं दिसेल. अमेरिकन समीक्षकांना त्यात नुसती गंमत दिसते. मला त्यात आमचा फड दिसतो. पुढच्या टिपणांमागे एवढाच दावा आहे.

गोष्ट मात्र थोडी मागून सांगायला हवी. न्यू जर्सीतल्या वेस्ट ऑरेंजला एडिसनच्या आवारात एक खोपटं होतं. आतून-बाहेरून डांबरी कागद मारलेलं, छप्पर उघडता येणारं, आणि उन्हाच्या मागे फिरवता यावं म्हणून रुळावर बसवलेलं. नाव ब्लॅक मारिया. जून १८९४ मध्ये तिथे मायकल लेनर्ड आणि जॅक कुशिंग या दोन मुष्टियोद्ध्यांची लढत चित्रित झाली. ७ सप्टेंबरला खुद्द जगज्जेता जिम कॉर्बेट तिथे आला आणि पीटर कोर्टनी नावाच्या गड्याशी सहा फेऱ्या खेळला. जागा अपुरी म्हणून रिंग आखूड, फीत अपुरी म्हणून फेरी आखूड. लोकांनी हे पडद्यावर पाहिलं नाही. किनेटोस्कोप नावाच्या पेटीत डोळा लावून पाहिलं. एका पेटीत एक फेरी. पुढची फेरी बघायची तर पुढच्या पेटीपाशी जायचं आणि पुन्हा नाणं टाकायचं.

त्याच खोपटात, त्याच सुमारास, १८९४च्या अखेरीस किंवा पुढच्या वर्षाच्या सुरुवातीस, एडिसनचा मदतनीस विल्यम डिक्सन हातात फिडल घेऊन उभा राहिला. समोर ध्वनिमुद्रणाचा भलामोठा कर्णा, शेजारी एकमेकांना धरून नाचणारे दोन पुरुष. जेमतेम सतरा सेकंदांची ही फीत. चित्र आणि आवाज एकत्र धरण्याचा हा आजवर टिकून राहिलेला सगळ्यात जुना प्रयत्न. मेणाच्या नळीवरचा आवाज आणि फीत पुढे शतकभर ताटातूट होऊन पडून राहिले. २००० साली ध्वनितज्ज्ञ वॉल्टर मर्च यांनी त्यांचा मेळ बसवला तेव्हा कुठे ते फिडल ऐकू आलं. मला या प्रसंगातली जी गोष्ट सोडवत नाही ती अशी, की ठोसा आणि फिडल हे दोघेही एकाच खोपटात, काही महिन्यांच्या अंतराने येऊन गेले आणि त्यांची गाठ पडली नाही. ती पडायला बरोबर चाळीस वर्षं जावी लागली.

आपल्याकडेही सिनेमाची सुरुवात झुंजीतूनच झाली, हे आपण फाळक्यांच्या थोरवीपुढे विसरतो. मुंबईचे छायाचित्रकार हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी ल्युमिएर बंधूंचे खेळ पाहिले आणि विलायतेहून एकवीस गिनींना कॅमेरा मागवला. १८९९ साली त्यांनी त्यावर पहिलं काय टिपलं असेल? हँगिंग गार्डनला झालेली पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी यांची कुस्ती. फीत धुवायला इंग्लंडला पाठवली. भारतीय माणसाने काढलेलं हे पहिलं चलच्चित्र, आणि त्यात ना देव, ना राजा, दोन मल्ल. ती फीत आज बघायला मिळत नाही. पण मिळाली असती तरी मुकीच असती. शड्डूचा आवाज नाही, पंचाची हाक नाही, बघ्यांचा गिल्ला नाही. कुस्तीतून आवाज काढून घेतला तर उरतं काय, हा प्रश्न या देशात कॅमेरा आल्याबरोबर उभा राहिला होता. फक्त कोणी विचारला नाही.

आता आवाजाकडे. ली डी फॉरेस्ट यांनी १५ एप्रिल १९२३ ला न्यू यॉर्कच्या रिव्होली थिएटरात आपल्या फोनोफिल्मचे छोटे बोलपट दाखवले. त्यात आवाज फितीवरच, प्रकाशाच्या रेघोट्यांतून उमटवलेला होता. वॉर्नर बंधूंनी ६ ऑगस्ट १९२६ ला व्हायटाफोन आणलं. त्यांचा मार्ग वेगळा, चित्र फितीवर आणि आवाज सोळा इंची तबकडीवर. मिनिटाला सव्वातेहतीसच्या आसपास फेरे, आणि सुई आतून बाहेर जाणारी. प्रोजेक्टर आणि तबकडी एकाच मोटरवर. फीत कुठे तुटली आणि जोडणाऱ्याने दोन चौकटी कमी केल्या, की चित्र पुढे आणि आवाज मागे. गायकाचं तोंड मिटलेलं आणि तान चालू. प्रेक्षक हसायचे, आणि ऑपरेटरच्या कपाळावर घाम. आमच्याकडे तंबूतल्या सिनेमात ही दशा होई तेव्हा शिट्या पडत. तिकडेही काही वेगळं होत नसावं.

एक हिशोब इथे करून बघण्यासारखा आहे. हजार फुटांचं रीळ, बोलपटाचा वेग मिनिटाला नव्वद फूट, म्हणजे एक रीळ आणि एक तबकडी मिळून अकरा मिनिटं. आता हौशी मुष्टियुद्ध मोजा. तीन मिनिटांची फेरी, एक मिनिट विसावा, पुन्हा तीन, पुन्हा एक, पुन्हा तीन. अकरा मिनिटं. हा योगायोगच, त्याचं शास्त्र करायला मी बसलेलो नाही. तरीही या दोन गोष्टी एकमेकींच्या मापाच्या निघाव्यात याची मौज वाटते.

माप जुळण्यापेक्षा मोठं कारण जागेचं होतं. सुरुवातीच्या ध्वनिचित्रणात कॅमेऱ्याची घरघर आवाजात येऊ नये म्हणून कॅमेरा आणि कॅमेरामन दोघांनाही एका बंद कोठीत कोंडत. मूकपटात नदीनाले ओलांडणारा कॅमेरा एकदम पंगू झाला. माइक एका जागी टांगलेला. त्याच्यापासून चार हात दूर गेलात की शब्द हरवला. अशा वेळी निर्मात्याला काय हवं? जे आपण होऊन एका चौकोनात राहील असं काहीतरी. बँडचं व्यासपीठ असं असतं आणि मुष्टियुद्धाची रिंगही अशीच असते. वरून दिवे, चारही बाजूंनी बंदिस्त, आणि मध्ये इतकी हालचाल की कॅमेरा हलत नाही हे कोणाच्या लक्षातही येऊ नये. गाणारे आणि ठोसे मारणारे या छोट्या बोलपटांत शेजारी आले त्यामागे कलेचा विचार फार कमी आणि सुताराचा विचार जास्त होता, असं माझं मत आहे.

शेजार तसा जुनाच होता. अमेरिकेत व्हॉडव्हिल नावाचा रंगमंचीय प्रकार होता. एकाच रात्री गवई, जादूगार, कसरतवाले, नकलाकार. आपल्या तमाशातली वगाआधीची सरमिसळ आठवा. त्यात जगज्जेते मुष्टियोद्धेही हंगामी पाहुणे म्हणून येत. दोरीवरच्या उड्या मारून दाखवत, सावलीशी लढत, चार गमती सांगत, आणि खाली ऑर्केस्ट्रा वाजत असे. व्हायटाफोनचे छोटे बोलपट म्हणजे बव्हंशी हे व्हॉडव्हिलच डब्यात भरलेलं. त्यामुळे १९२९च्या 'द शो ऑफ शोज' या वॉर्नरच्या चित्रपटात, जो खरं तर छोट्या छोट्या तुकड्यांची माळच आहे, फ्रान्सचा मुष्टियोद्धा जॉर्ज कार्पेंटिए गाताना दिसतो तेव्हा दचकायचं कारण नाही. हाच तो १९२१ साली जगज्जेत्या डेम्प्सीकडून चौथ्या फेरीत लोळलेला गडी. लढता येतं तितकं प्रेम करता आलं असतं तर, अशा आशयाचं त्याचं गाणं आहे. गळा बेताचा. पण खांद्यांची ठेवण अशी, की तो गातानाही पवित्र्यात उभा आहे असं वाटतं. १९३३च्या 'द प्राइझफायटर अँड द लेडी'त मॅक्स बेअर तर नाचगाण्याचा अख्खा प्रवेश करतो आणि शेवटी रिंगमध्ये प्रिमो कार्नेराशी भिडतो. पुढच्या वर्षी १४ जूनला त्याने खऱ्याखुऱ्या लढतीत कार्नेराकडून जगज्जेतेपद हिसकावलं. दोन्ही चित्रपट लांबीने मोठे, पण माझ्या विषयाचे सख्खे चुलते, म्हणून त्यांना दोन टिपणं दिली आहेत.

यात एक काळी बाजू आहे आणि तिच्यावरून नुसतं पुढे सरकणं मला जमलं नाही. खऱ्या लढतींच्या फिती तेव्हा अमेरिकेत एका राज्यातून दुसऱ्या राज्यात नेणं गुन्हा होता. कारण जॅक जॉन्सन. हा कृष्णवर्णीय योद्धा डिसेंबर १९०८ मध्ये सिडनीला जगज्जेता झाला आणि ४ जुलै १९१० ला रिनो इथे त्याने गोऱ्यांची शेवटची आशा म्हणून उभ्या केलेल्या जिम जेफ्रीजला हरवलं. निकालाची बातमी पसरताच गावोगाव काळ्या लोकांवर हल्ले झाले, माणसं मेली. फीत दाखवू नये म्हणून ओरड झाली आणि १९१२ साली कायदाच आला. तो उठायला १९४० उजाडलं. चोरटी वाहतूक भरपूर चाले, पण प्रतिष्ठित थिएटरला राजरोस लावायचं तर लुटुपुटीची, विनोदाची, गाण्यात घोळवलेली लढत बरी. या छोट्या बोलपटांच्या हसण्याखाली हा कायदाही आहे. आणि जॉन्सन स्वतः? त्याला ऑपेराचं वेड होतं, तो बास फिडल वाजवायचा, आणि १९२० मध्ये त्याने हार्लेममध्ये क्लब डिलक्स नावाची जागा काढली. ती पुढे दुसऱ्यांच्या हातात जाऊन कॉटन क्लब झाली. तिथे मंचावर काळे वादक आणि खुर्च्यांवर फक्त गोरे प्रेक्षक.

आता ज्या चित्रपटाने मला ताठ केलं त्याच्याविषयी. 'पंच ड्रंक्स', कोलंबिया कंपनी, १३ जुलै १९३४, दोन रिळं, साडेसतरा मिनिटं. थ्री स्टूजेस म्हणून जे तिघे पुढे जगभर गाजले त्यांचा कोलंबियातला हा दुसराच छोटा बोलपट. पहिला, 'वुमन हेटर्स', तर पूर्ण यमकांत बोललेला होता. म्हणजे गाण्या-बजावण्याच्या पंगतीतूनच हे तिघे आले. 'पंच ड्रंक्स'ची कथा त्यांनी स्वतः रचली. मो हा मुष्टियोद्ध्यांचा मॅनेजर. त्याचे गडी पैशांवरून रुसलेत. खानावळीत कर्ली वेटर आहे, गुबगुबीत, गरीब गाय. तिथे लॅरी फिडल वाजवत येतो आणि 'पॉप गोज द वीझल' ही पोरांची साधी चाल लावतो. त्या चालीबरोबर कर्लीच्या अंगात काहीतरी संचारतं आणि तो समोर येईल त्याला झोपवतो. चाल थांबली की पुन्हा गाय. मोच्या डोक्यात चक्र सुरू होतं. वेटरला योद्धा करायचा आणि फिडलवाल्याला रिंगच्या कडेला बसवायचा. मग बेफाम विजय. मग जगज्जेत्याशी गाठ. आणि ऐन लढतीत फिडलचा चुराडा.

इथून पुढची मिनिटं मी किती वेळा पाहिली असतील याचा हिशोब नाही. आत कर्ली मार खातोय, आणि बाहेर रस्त्यावर लॅरी पळतोय, कुठे ती चाल वाजते का ते शोधत. अखेर तो येतो तो प्रचाराचा भोंगा लावलेली मोटार घेऊन, भिंत फोडून, आत. तिकडच्यांना हा भन्नाट कल्पनाविलास वाटतो. आमच्याकडे निवडणुकीच्या दिवसांत अशी गाडी भिंत फोडत नाही एवढंच. बाकी कानांना फरक कळत नाही.

विनोदाचं यंत्र समजून घ्यायचं तर एवढं बघा. संगीत इथे पार्श्वभूमीला नाही. पात्रांना ते ऐकू येतं, तेच गोष्ट हाकतं, आणि ते बंद पडलं की गोष्टीचा जीव जातो. मूकपटात हा विनोद शक्यच नव्हता. थिएटरातला पियानोवाला चाल वाजवू शकला असता, पण ती थांबल्याची भीती पडद्यावरच्या माणसाच्या कानांतून आपल्यापर्यंत पोहोचली नसती. ध्वनीने सिनेमाला गाणं दिलं असं सगळे म्हणतात. त्याने गाणं थांबणं दिलं, हे मला जास्त मोलाचं वाटतं. बुवांचं वाक्य हेच तर सांगत होतं.

आणि लॅरीचा हात. लॅरी फाइन हा फिलाडेल्फियातल्या सराफाचा पोरगा. सोनं तपासायचं तेजाब लहानपणी त्याच्या हातावर सांडलं आणि स्नायू दुबळे झाले. हाताला व्यायाम म्हणून घरच्यांनी फिडल शिकायला लावलं. आणखी बळ यावं म्हणून पोराने पुढे मुष्टियुद्धही धरलं, एक लढत जिंकलीसुद्धा. मग वडिलांनी चारचौघांतली मारामारी बंद केली. फिडल आणि ठोसा एकाच जखमेवरचे दोन लेप. कुणी लेखकाने रचलं असतं तर मी म्हटलं असतं, फार जुळवलंय. २००२ साली हा चित्रपट अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत जतनासाठी निवडला गेला.

कार्टूनवालेही त्याच वाऱ्यात होते. १९३३च्या 'मिकीज मेकॅनिकल मॅन'मध्ये मिकीने केलेला यंत्रमानव गोरिलाशी लढतो आणि मिनीच्या मोटारीचा भोंगा वाजला की त्याच्या अंगात येतं. पॉपाय पालक खातो आणि पाठोपाठ त्याची धून वाजते. मार धूनच देते, पालक निमित्ताला. चॅप्लिनने 'सिटी लाइट्स'मध्ये, जानेवारी १९३१ मध्ये, बोलायचं नाकारून संगीत मात्र स्वतः रचलं आणि रिंगमधली लढत चक्क समूहनृत्यासारखी बसवली. पंच मध्ये, दोन्ही बाजूंना योद्धे, तिघांची पावलं एका तालात. पुढे घंटेची दोरी त्याच्या गळ्यात अडकते आणि हलला की घंटा वाजते. माणूसच वाद्य झाला. या प्रसंगावरचं टिपण बाकीच्यांच्या दुप्पट झालं आहे. कमी करायला बसलो होतो, नाही केलं.

आपल्याकडे या सुमारास काय चाललं होतं? १४ मार्च १९३१ ला मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये 'आलम आरा' लागला. नायक मास्टर विठ्ठल. कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत उमेदवारी केलेला, तलवारबाजी आणि उड्यांनी मूकपट गाजवणारा हा मराठी गडी. शारदा स्टुडिओ सोडून तो आर्देशीर इराणींकडे आला म्हणून खटला झाला आणि त्याच्या बाजूने वकील होते महंमद अली जीना. एवढं रामायण करून आणलेल्या नायकाची उर्दू बेताची निघाली, तेव्हा बराच वेळ त्याला गुंगीत ठेवून प्रश्न सोडवला. सात गाण्यांचा चित्रपट आणि त्यातला सगळ्यात मोठा लढवय्या झोपलेला! स्टुडिओशेजारून आगगाड्या जात म्हणून चित्रण रात्री चाले. आमच्या कारंज्याहून पूर्वी जाणारी शकुंतला, मूर्तिजापूर-यवतमाळची ती नॅरोगेज गाडी, असती तर एवढी पंचाईत झाली नसती. तिच्या येण्याजाण्यातल्या सवडीत एखादा वग उरकला असता.

ठोसा आणि सूर आपल्याकडे एकमेकांना भेटले ते छोट्या बोलपटांत नव्हे, एकाच कंपनीच्या पगारपत्रकावर. वाडिया मूव्हीटोनच्या १९३३च्या 'लाल-ए-यमन'मध्ये गाणारा बालकलाकार होता फिरोझ दस्तूर, जो पुढे किराणा घराण्याचा मान्यवर गवई झाला; आणि दोनच वर्षांनी त्याच कंपनीने 'हंटरवाली' काढून नायिका नादियाच्या हाती चाबूक दिला. पण कुस्तीचा फड, त्याच्या स्वतःच्या वाजपासकट, बोलपटाने सुरुवातीच्या काळात दूरच ठेवला. बोलपटाला हवी होती नाटकाची पदं. हलगी, डफडं, तुतारी यांना स्टुडिओच्या दारात उभं राहावं लागलं. प्रभातच्या बोधचिन्हातली बाई तेवढी तुतारी घेऊन आत शिरली.

मग ही सांगड आपल्याकडे होती कुठे? व्यायामशाळेत. अमरावतीचं हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ, १९१४ साली वैद्य बंधूंनी उभं केलेलं, आमच्या भागातल्या प्रत्येक आखाड्याचं माहेर. १९३६ साली बर्लिन ऑलिम्पिकच्या वेळी मंडळाच्या चमूने तिथे आपल्या खेळांची प्रात्यक्षिकं केली. लेझीम घ्या. ती व्यायामाचं साधन आहे की वाद्य? मूळची धनुष्यासारखी, लोखंडी साखळीची, दंडात ताकद यावी म्हणून ओढायची वस्तू. तिच्या चकत्या वाजल्या आणि ती नाचात आली. ज्या समाजाने व्यायामाच्या साधनालाच कंठ दिला त्याला 'पंच ड्रंक्स' समजावून सांगावा लागत नाही.

पण हे लिहिताना एका गोष्टीने हात अडखळतो. डफडं हे आवडीने निवडलेलं वाद्य फार थोड्यांसाठी होतं. गावगाड्याने ते ठरावीक जातींच्या गळ्यात घातलं होतं. लग्नाला वाजवा, मयतीला वाजवा, कुस्तीला वाजवा, आणि मग बाजूला उभे राहा. पहिलवानाला फेटा, इनाम, खांद्यावरून मिरवणूक, वाजवणाऱ्याला उरलंसुरलं. १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपूरला बाबासाहेबांनी धम्मदीक्षा दिली त्यानंतर विदर्भात कितीतरी घरांनी डफडं खुंटीवरून कायमचं उतरवलं, आणि बरोबरच केलं. त्यांच्या त्या नकाराचा मला आदर आहे, आणि ती थाप ऐकू येत नाही याची चुटपुटही आहे. या दोन्ही गोष्टी माझ्यात एकाच वेळी नांदतात; त्यांचा मेळ मला घालता आलेला नाही. कॉटन क्लबचा उल्लेख वर आला तो याचसाठी.

मागल्या हिवाळ्यात गावी गेलो तेव्हा एका घराच्या ओसरीवर धोतर टांगून आम्ही 'पंच ड्रंक्स' दाखवला. आखाड्यात जाणारी पाचसात पोरं, शेजारच्या दोन म्हाताऱ्या, आणि ते जुने बुवा नव्हेत, ते केव्हाच गेले, पण त्यांचे धाकटे भाऊ, जे तरुणपणी त्यांच्या जोडीला वाजवायचे. भाषा कोणालाच कळत नव्हती आणि त्याने काही अडलं नाही. कर्लीने पहिला ठोसा मारला तेव्हा पोरं लोळली. फिडल फुटलं तेव्हा एक पोरगा ओरडला, "आता गेला बे हा!" लॅरी रस्त्याने पळू लागला तसे भाऊ बाजेवर जरा पुढे सरकले. हसत ते एकदाही नव्हते.

संपल्यावर मी विचारलं, कसं काय वाटलं? त्यांनी बिडी पेटवली.

"त्या फिडलवाल्याले किती भेटलं?"

मी म्हटलं, ते काही ठाऊक नाही, भाऊ.

"बरं," ते म्हणाले. "पुन्ना लाव. आता मी त्याच्याकडंच पाह्यतो."